आभाराचे दोन शब्द

लष्कराचा ट्रक विद्यापीठाच्या आवारात शिरला आणि सगळं पटांगण त्याच्याकडे धावलं. लुडविना तेवढी जागची हलली नाही. असा ट्रक दिसला की तिचे पाय जंगलाकडे वळायचे. इथे राजधानीत, पोर्ट मोर्स्बीत, जंगल नव्हतं, ग्रंथालयाची भिंत होती. ती तिला टेकून उभी राहिली.

लष्कराला वर्षानुवर्षं लढूनही न मोडलेलं बोगनव्हिल बेटावरचं बंड मोडायला सरकारने परदेशातून भाडोत्री सैनिक आणि हेलिकॉप्टरं आणली होती. ते लष्करालाच सहन झालं नाही. त्यांनी त्या पाहुण्यांना पकडून कोंडून ठेवलं. तेव्हापासून विद्यार्थ्यांनी वर्ग बंद पाडले होते, आणि कालपरवापर्यंत ज्यांना शिव्या घालत होते ते सैनिक आता त्यांचे भाऊ झाले होते.

"लुडे, इथे काय करतेस?" केपा घामाघूम होऊन आला. आंदोलनाचा पुढारी तोच. घोषणा देऊन देऊन त्याचा घसा बसला होता. "चल, वर चढ. दोन शब्द बोल आभाराचे. एवढ्या गर्दीत बेटावरची तू एकटीच आहेस."

"तूच बोल. तुला आवडतं."

"माझा आवाज म्हणजे फाटका ढोल. तू बोललीस तर टीव्हीवाले दाखवतील."

"आणि मी खरं तेच बोलले तर?"

केपाने आजूबाजूला पाहिलं आणि तिच्या जवळ सरकला. "या सैनिकांनी तिकडे बेटावर काय केलंय ते मला माहीत आहे. सगळं नसेल, पण माहीत आहे. आज ते काढलंस तर ही पोरं आपापल्या खोल्यांवर जातील आणि उद्या ती हेलिकॉप्टरं उडतील. तुझे वडील आहेत ना अजून तिथे?"

होते. डोंगरात कुठेतरी. जिवंत असल्याचा त्यांचा निरोप नाताळात आला होता, त्यानंतर काही नाही.

तेवढ्यात तिच्या खोलीतली गेउआ चाफ्याची माळ घेऊन धावत आली. ती इथलीच, किनाऱ्यावरच्या गावातली. "ही घाल त्यांच्या गळ्यात. सकाळपासून ओवतेय, बोटं बघ माझी!" आणि तिने लुडविनाचा हात धरून तिला ट्रकपर्यंत ओढत नेलं.

वर एक हवालदार उभा होता. तिशीचा, सुपारीने दात लाल झालेला. त्याने तिला हात दिला. तिने तो घेतला नाही, फळीला धरून ती स्वतःच चढली. बेटावरच्या लोकांचा असतो तसा तिचा काजळासारखा रंग पाहून ती कुठली ते त्याला कळलंच. त्याचं हसू ओसरलं. त्याने मान खाली घातली आणि तिने माळ घातली.

"ताई," मान तशीच खाली ठेवून त्याने विचारलं, "बेटावर कुठलं गाव?"

"मोरोनाई."

खाली घोषणा चालू होत्या. त्याने मान वर केली नाही.

"मिशनच्या शाळेच्या वरच्या अंगाला एक घर होतं," तो म्हणाला. "एकटंच. आम्ही ओरडून विचारलं होतं, आत कोणी आहे का. पुन्हा पुन्हा विचारलं. कोणी ओ दिली नाही. पेटल्यावर मात्र... बरोबरचे म्हणाले, बांबू फुटतोय. पेटलेला बांबू तसाच ओरडतो म्हणे." तो स्वतःच्या बुटांकडे बघत होता. "ताई, आत कोणी होतं का?"

असा माणूस कधी समोर आला तर आपण किंचाळू, त्याला ओरबाडू, असं तिला नेहमी वाटायचं. आता तो समोर होता आणि तिला एकच शब्द मागत होता. नाही. एवढं म्हटलं असतं तरी तो सुटला असता.

"मावशी होती," लुडविना म्हणाली. "मला तिनेच वाढवलं. पाय सुजले होते तिचे, आमच्याबरोबर पळता आलं नाही. तुमचा आवाज ऐकून गप्प बसली असेल."

केपाने खालून माइक तिच्या हातात दिला. पटांगण शांत झालं. पुढच्या रांगेत कॅमेरा होता.

"माझे वडील अजून तिथे आहेत," ती म्हणाली. स्वतःचाच आवाज लांबून आल्यासारखा तिला वाटला. "ती हेलिकॉप्टरं उडू देऊ नका."

टाळ्या पडल्या. तिने माइक खाली घेतला.

"आभार!" केपा खालून कुजबुजला. "अगं, आभार मान!"

तिने शेजारी उभ्या असलेल्या हवालदाराकडे पाहिलं. मग माइक पुन्हा तोंडाजवळ नेला.

"आता पुन्हा कोणी तिकडे जाऊ नका," ती म्हणाली. "कोणीच नाही."

भाडोत्री लोकांनाच ती हे म्हणाली असं सगळ्यांनी धरलं, आणि एकच गर्जना झाली. पोरं ट्रकवर चढली. हवालदाराला त्यांनी उचलून खांद्यावर घेतलं. तो "नको, नको" म्हणत होता, उतरवा म्हणत होता, पण ऐकतंय कोण. गळ्यात माळ घातलेला तो माणूस हजार डोक्यांवरून पुढे पुढे चालला. त्याचं तोंड वेडंवाकडं झालं होतं आणि डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. त्या पाहून पोरं आणखीच जोराने घोषणा देऊ लागली.

लुडविना फळीला धरून खाली उतरली. गेउआचेही डोळे भरून आले होते. तिने लुडविनाला मिठी मारली आणि गर्दीकडे बोट दाखवलं.

"बघ गं," ती म्हणाली, "किती आनंद झालाय बिचाऱ्याला!"