मनातली लिपी

वडोदऱ्यात संसार केलेल्या कुमुदने कोल्हापूरच्या आजारी आक्काला नव्या कीबोर्डवर निरोप लिहायला घेतला. इंग्रजी अक्षरं दाबत तिने ‘आक्का, बरं वाटतंय का?’ लिहिलं, पण पडद्यावर गुजराती अक्षरं उमटली. पुसलं, पुन्हा लिहिलं, तरी तेच.

“अहो, हा बिघडलाय.”

“बिघडला नाही,” तिचे पती हसमुखभाई म्हणाले. “मनात जी भाषा चालते, तिचीच लिपी तो उमटवतो.”

“पण मी तर मराठीतच...” कुमुद गोंधळून थांबली. मनातली भाषा कधी बदलली, तिला आठवेना. तिने निरोप तसाच धाडला.

आक्काचं उत्तर आलं, “वाचता येत नाही गं. येऊनच सांग.”

तिने ‘येते’ लिहिलं. तेही गुजरातीतच उमटलं. मग कीबोर्ड बाजूला सारून कुमुदने कपाटावरची बॅग काढली.