लाल पट्ट्याची झाडं

"एवढं जंगल तोडलंत, मग ही मोठी झाडं कशाला ठेवलीत?" जानकीबाईंनी विचारलं. महेश जंगलखात्यात होता. गरौठ्याकडे कटाईनंतर उगवलेली सागाची रोपं दाखवायला तो आईला हौसेने घेऊन आला होता.

"बियांसाठी, आई. ही सगळी रोपं त्यांचीच लेकरं. कोवळी होती तेव्हा त्यांच्याच सावलीत तगली."

"मग त्यांच्या खोडांवर हे लाल पट्टे कसले?"

"आता ती तोडायची. रोपं कमरेएवढी झाली ना! यापुढे डोक्यावर मोठ्यांची सावली राहिली, तर खुरटतात बिचारी."

जीपमध्ये बसल्यावर जानकीबाई एकदम उसळल्या. "हे ऐकवायलाच आणलंस का मला?"

"काय ऐकवलं मी?" महेशला खरंच काही कळलं नाही. नगऱ्यातलं घर येईपर्यंत त्या पदराचं टोक पिळत राहिल्या.

संध्याकाळी सुनेने, अक्षदाने, स्वयंपाकघरातून रोजच्यासारखं विचारलं, "आई, आमटीत मीठ किती घालू?" लग्नाला तीन वर्षं झाली होती. जानकीबाई रोजच्यासारख्याच तरातरा उठल्या, दारापर्यंत गेल्या आणि थबकल्या.

"तुझ्या अंदाजाने घाल," म्हणाल्या आणि अंगणात जाऊन येरझाऱ्या घालू लागल्या.

आमटी खारट झाली होती. पहिल्याच घासाला महेशने काही बोलायला तोंड उघडलं. जानकीबाईंनी त्याच्याकडे बघून डोळे वटारले आणि आपली वाटी पुढे केली.

"अजून वाढ गं, अक्षदा."