युक-क्वानची पाटी

सिनेमाच्या सेटवरच्या देव्हाऱ्यात आपल्या बायकोचं नाव बघून लेखक कुआन शू-ताक दिग्दर्शकाकडे धावला. टांगलेली काळी पाटी, वरून खाली सोनेरी अक्षरं: लाम युक-क्वान. पूजेसाठी मेलेल्या माणसाचं नाव असंच लिहितात.

चूक त्याचीच. कालचं पान त्याने काउलूनच्या इस्पितळातल्या बाकावर बसून लिहिलं होतं. नायकाच्या मेलेल्या बायकोला नाव हवं होतं. डोक्यात एकच नाव होतं, हातून तेच उतरलं. आज अकरा वाजता युक-क्वानच्या पोटाचं ऑपरेशन. पावणेअकरा झाले होते आणि नायक पाटीपुढे तीन उदबत्त्या लावायला उभा होता.

"नाव बदला, याम साहेब. पाया पडतो."

"पाटीचा शॉट सकाळीच जवळून घेतलाय," दिग्दर्शक याम म्हणाला. "अक्षर न् अक्षर दिसतंय. लिहिताना झोपला होतास का?"

"जिवंत बाईपुढे उदबत्ती लावू नका हो. आत्ता तिला टेबलावर घेत असतील."

यामने घड्याळाकडे बघितलं. त्यालाही बायको होती. "पाच मिनिटं देतो. उदबत्ती नको, तर दुसरं काय ते लिहून दे."

शू-ताकने गुडघ्यावर कागद धरून खरडलं. निरोप येतो, बायको जिवंत आहे. नायक पाटी हटवतो. पुढची सगळी सुडाची गोष्ट कोलमडणार होती. कोलमडू दे. तलवारबाजीच्या चाळीस चित्रपटांत त्याने शेकड्यांनी माणसं मारली होती. उठवलं हे पहिलंच. त्याला जरा बरं वाटलं.

कागद चोय मास्तरांकडे गेला. वीस वर्षं शू-ताक 'इथे हाणामारी' एवढंच लिहायचा आणि बाकीचं मास्तर बसवायचे. 'हटवतो' वाचून त्यांनी नाक मुरडलं. नायकाच्या कानात काहीतरी सांगितलं.

"ती जिवंत आहे!" नायक ओरडला. त्याने तलवार उपसली आणि एका घावात पाटी आडवी कापली.

वरचं 'लाम' हे आडनाव जागेवर राहिलं. 'युक-क्वान' शू-ताकच्या पायाशी येऊन पडलं.

"हात जरा लवकर आला," मास्तर म्हणाले. "परत घेऊ."

सेटचं सामान सांभाळणारा म्हातारा फाट-काका लगबगीने आला. शू-ताकचा पांढराफटक चेहरा बघून त्याने त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"घाबरू नका, लेखकसाहेब. याच नावाच्या आणखी सहा करून ठेवल्यात मी."