अठरावा घाव

फाशीचा खांब गवतावर आडवा पडला होता आणि त्याच्याभोवती सुतारसंघाचे सतरा मालक खांद्याला खांदा लावून उभे होते. सतरावी वाल्बुर्गा. नवऱ्याच्या पश्चात त्याचा कारखाना तिच्या नावे होता. तिच्याऐवजी कारागिराचा हात चालणार नव्हता. उद्या सकाळी ज्याला या खांबावर चढवायचे होते, तो लिनहार्ट तिचा सख्खा धाकटा भाऊ. त्याने मठाचे तीन घोडे पळवले होते.

नियम सर्वांना पाठ होता. फाशीचे लाकूड एकट्याने ठोकणारा सुतार जल्लादाच्या पंक्तीला जातो. त्याच्या मुलांना कोणी काम शिकवत नाही, त्याचे प्रेत कोणी उचलत नाही. म्हणून फाशी उभारायची ती सर्वांनी मिळून, नगरप्रमुखाच्या समक्ष. प्रत्येकाचा एक घाव, कमी नाही, अधिक नाही. सर्वांचेच हात लागले की कोणी कोणाकडे बोट दाखवू शकत नाही. एकाने हात मागे घेतला तर उरलेले सोळा बाटतात, आणि मागे घेणाऱ्याच्या दारावरची संघाची पाटी त्याच दिवशी खाली येते, म्हणजे त्याचा धंदा बंद.

नगरप्रमुखाने हातमोजा न काढता काठीचे टोक लाकडाला टेकवले. "शहराच्या आज्ञेने," तो म्हणाला. ढोल वाजू लागला.

दोरी बांधायची आडवी तुळई खांबाला जखडणाऱ्या खुंटीवर पहिला घाव संघाचे प्रमुख एबरहार्ट मिस्त्री यांनी घातला. घाव कसला, टिचकीच ती. मग ती मोगरी, संघाचा लाकडी हातोडा, हातोहात फिरली. चर्चच्या शिखराखालचे ओक ज्यांनी ठोकून बसवले होते, ते दांडगे पुरुष निजलेल्या मुलाला थोपटावे तसे खुंटीला थोपटत होते आणि लगेच तळहात अंगरख्याला पुसत होते.

"जोर लाव की, कुंत्स! बायकोने उपाशी धाडलं का?" शेजारचा मालक म्हणाला.

"तुझ्या वाटचा जोरही मीच लावू?" कुंत्स म्हणाला. "घोडे नेले हिच्या भावाने, हात विटाळायचे आम्ही."

मोगरी वाल्बुर्गेकडे आली. मागे सरकायला जागा नव्हती. दोन्ही बाजूंना खांदे होते. तिने एक घाव घातला.

ढोल थांबला. नगरप्रमुखाने मान डोलावली, घोड्यावर मांड ठोकली आणि तो उतारावरून दिसेनासा झाला.

"सुटलो," एबरहार्ट मिस्त्रींनी श्वास सोडला. "पोरी, तुझी पाटी शाबूत राहिली. चला रे, घसा ओला करा आणि मग खांब उचला." माणसे शहराने पाठवलेल्या वाइनच्या पिंपाकडे वळली.

वाल्बुर्गा जागची हलली नाही. तिने तुळईवर पाय ठेवून दाबला. तुळई खाचेत कुरकुरली आणि हलली. खुंटी चार बोटे बाहेर होती.

"मिस्त्री, ही बसलेली नाही."

"उद्यापुरती धरेल गं."

"लिनहार्ट अंगाने भक्कम आहे. धरणार नाही, हे तुम्हांलाही दिसतंय."

"मग चांगलंच की!" कुंत्स पिंपाजवळून ओरडला. "पडला तर सुटेल. देवाची दया म्हणतील."

"दोरी तुटली तर देवाची दया," वाल्बुर्गा म्हणाली. "तुळई सुटली तर सुताराची चूक. तो पडेल, पाय मोडून घेईल. मग तुळई नीट करतील आणि त्याला पुन्हा शिडी चढवतील." तिने एकेकाच्या तोंडाकडे पाहिले. "आणखी एक फेरी करा. सतरा घावांत बसेल."

"आणि कोणाच्या आज्ञेने? नगरप्रमुख गेला की!" कुंत्सने पेला भरला. "एकदा विटाळलो तेवढं पुष्कळ झालं, बाई."

इतरांनीही पेले भरून घेतले. एबरहार्ट मिस्त्री तिच्याजवळ आले आणि आवाज उतरवून म्हणाले, "ऐक, पोरी. सतरा घाव सगळ्यांचे. अठरावा तुझा एकटीचा. तो घाव पडला तर तुझी पाटी मला स्वतः उतरवावी लागेल. चोरी तुझ्या भावाने केली, तू नाहीस."

"माझा नवरा तुमच्याच हाताखाली शिकला. त्याने अशी खुंटी ठोकली असती तर?"

"तर कानाखाली वाजवली असती," म्हातारा म्हणाला आणि दुसरीकडे पाहू लागला.

वाल्बुर्गेने बाह्या कोपरापर्यंत सारल्या, पाय रोवले आणि मोगरी डोक्यावर नेली. तो घाव खाली शहराच्या तटापर्यंत ऐकू गेला असेल. पिंपाजवळच्या माना वळल्या. दुसऱ्या घावाला माणसे एक पाऊल मागे सरली, तिसऱ्याला आणखी एक. ती मोजत नव्हती. घाव सरळ पडत होते. खुंटी लाकडाच्या पातळीला आली तेव्हा ती थांबली. तिने सवयीने उघडा तळहात जोडावरून फिरवला आणि पाय ठेवून तुळई पुन्हा दाबून पाहिली. तुळई हलली नाही.

मोगरी संघाची होती. तिने ती दांड्याकडून एबरहार्ट मिस्त्रींसमोर धरली. म्हाताऱ्याचा हात पुढे आला आणि अर्ध्यावर थांबला.

"खाली ठेवा, बाई," ते म्हणाले.