तिसरा सूर

हार्लनने कात्री टेबलावर आपटली. दुपारपासूनचं हे चौथं रबर वाया गेलं होतं.

स्वयंपाकघराच्या टेबलावर सगळा पसारा मांडलेला होता. कोल्ड्रिंकच्या कॅनमधून कापलेल्या, घोड्याच्या नालेच्या आकाराच्या पण इवल्याशा पत्र्याच्या चौकटी, कापडी चिकटपट्टी आणि कंडोमचं फाडलेलं पाकीट. त्या पातळ रबराचे दोन पदर चौकटीवर ताणायचे, कडा पट्टीने दाबायच्या, वरच्या पदराला बारीक चीर द्यायची, की झाली शिट्टी. ती टाळूला लावून, जिभेने दाबून फुंकली की रानात टर्की पक्ष्याची मादी बोलते आणि नर खुळावून धावत येतो. पन्नास वर्षं हार्लन हे काम डोळे मिटून करत आला होता. आज मात्र हात ठिकाणावर नव्हता, कारण चित्तच ठिकाणावर नव्हतं.

"मिस्टर हार्लन, या वयात?" पाकीट पिशवीत टाकताना दुकानातली डार्लीन दरवर्षीसारखीच हसली होती. मग आवाज उतरवून म्हणाली, "रॉईस नाही आले यंदा पाकीट न्यायला. येत्या सोमवारी टाळूचं ऑपरेशन ना त्यांच्या. गाठ वाईट निघाली म्हणे. तुम्हाला ठाऊकच असेल म्हणा."

"हो तर," हार्लन म्हणाला होता. त्याला काडीचंही ठाऊक नव्हतं. रॉईसशी, सख्ख्या धाकट्या भावाशी, तो सहा वर्षं बोललेला नव्हता.

भांडण केवढं, तर एका सुराएवढं. रॉईस शिट्टी फुंकायचा तेव्हा त्याचा तिसरा सूर फाटायचा. गावच्या जत्रेतल्या स्पर्धेत परीक्षक म्हणून बसलेला हार्लन चारचौघांत बोलून गेला, "असल्या बसक्या घशाची मादी अख्ख्या टेनेसीत सापडायची नाही!" लोक खो खो हसले. रॉईसने तोंडातली शिट्टी काढून खिशात घातली आणि चालता झाला. येईल दोन दिवसांत, असं हार्लनला वाटलं. पण हार्लन हट्टी, तर रॉईस सवाई हट्टी.

पाचवी चौकट हार्लनने डावीकडून जास्तच कातरली. आता ती त्याच्या स्वतःच्या तोंडात बसणार नव्हती. रॉईसची टाळू अरुंद. पहिल्यापासून त्याची चौकट हार्लनच कातरून द्यायचा. या वेळी रबर जमलं. शिट्टी त्याने पुदिन्याच्या गोळ्यांच्या रिकाम्या डबीत ठेवली. ती द्यायची कशी, ते मात्र सुचेना. त्याने फोन दोनदा उचलला आणि दोनदा खाली ठेवला.

शनिवारी शिकारीचा हंगाम उघडला. उजाडता उजाडता हार्लन डोंगराच्या धारेवर, त्याच्या नेहमीच्या ओकच्या झाडाला पाठ लावून बसला. घरी बसवत नव्हतंच. खालच्या उतारावर नर ओरडला. हार्लन त्याला साद घालणार, तोच धारेपलीकडून मादीचा आवाज आला. एक सूर, दुसरा सूर, आणि तिसरा फाटला.

रॉईस! तोंडात गाठ घेऊन आलाय हा गाढव, शेवटचं फुंकायला!

वडिलांनी दोघांना सगळ्यात आधी शिकवलं होतं ते हेच: आवाजाच्या दिशेने कधी जायचं नाही. पलीकडे मादी नसते, बंदूक रोखून बसलेला माणूस असतो. जायचंच झालं, तर आधी मोठ्याने बोलायचं. आणि माणसाचा आवाज ऐकू आला, की त्या दिवसाची शिकार संपली.

नर साठ पावलांवर येऊन ठेपला होता. झुडपांमागून त्याची लालबुंद मान दिसत होती. हार्लनने बंदूक झाडाला टेकवली आणि तो उभा राहिला.

"रॉईस! मी आहे, हार्लन! गोळी घालू नकोस, मी येतोय तुझ्याकडे!"

नर फडफडत दरीपार गेला. हार्लन धापा टाकत धारेवरून पलीकडे उतरला.

समोर एक टर्कीची मादी वाळक्या पानांतून लगबगीने पळत होती. पळता पळताही तिची कुरकुर चालूच होती. एक, दोन, आणि तिसरा फाटका.

असल्या बसक्या घशाची मादी टेनेसीत होती तर, आणि त्यावरून सहा वर्षं अबोला! हार्लनला स्वतःची लाज वाटली, आणि रडूही आलं.

"ऐकलीस ना?"

थोडं खाली, एका झाडाच्या बुंध्याशी रॉईस बसला होता. जबड्याला मफलर गुंडाळलेला. जवळ बंदूक नव्हती.

"आठवडाभर रोज येऊन ऐकतोय तिला," तो म्हणाला. "हंगाम उघडला की तू या धारेवर येणार, हे माहीतच होतं. म्हटलं, मी सांगून पटायचं नाही याला. तिलाच सांगू दे."

हार्लन उतरून त्याच्याजवळ गेला. त्याने खिशातून डबी काढून पुढे केली. रॉईसने ती उघडली आणि शिट्टीच्या कातरलेल्या कडेवरून अंगठा फिरवला.

"माझ्या मापाची आहे."

"हो."

"तोंडात काही धरवत नाही रे आता. तूच वाजव."

"मला बसायची नाही ती."

"वाजव म्हणतो ना!"

हार्लनने शिट्टी टाळूला लावली. डावीकडून हवा निसटत होती. पहिला सूर लागला, दुसरा लागला, तिसरा टर्रकन फाटला. आणि दरीपलीकडून नराने लगोलग ओ दिली.

रॉईस दुखरा गाल धरून हसत सुटला.

"सत्तरी गाठलीस हार्लन," तो म्हणाला, "तेव्हा कुठं मादीसारखा बोललास."