पोचपावती

कोर्टात ते कार्ड हातात आलं आणि पोस्टमनकाकांच्या पायाखालची जमीनच सरकली.

वीज कंपनीच्या वकिलाच्या तोंडावर समाधान मावत नव्हतं. "जुन्या दप्तरात सापडली, मॅडम. नोटिशीची पोचपावती. घरावरून तारा टाकायच्या आधी कंपनीने यांच्या वडिलांना रजिस्टरने कळवलं होतं. त्यांनी सही करून नोटीस घेतली, महिनाभरात हरकत घेतली नाही. आणि आता म्हणतात, तारा हलवा."

काकांनी चष्मा पुसून पुन्हा बघितलं. पुसून काय होणार होतं? सहीच्या जागी वडिलांचं नाव ठसठशीत लिहिलेलं, आणि त्याखाली बारीक आकड्यांत वेळ. चार वाजून दहा मिनिटं. पोचपावतीवर वेळ लिहा असं कुणी सांगितलेलं नव्हतं. अख्ख्या पोस्टात ती खोड एकाच माणसाला होती, आणि त्यापायी त्याला सगळे 'घड्याळ' म्हणून चिडवायचे.

अक्षर त्यांचं स्वतःचं होतं.

नऊ वर्षं केस एका वाक्यावर उभी होती. 'नोटीस आमच्या घरी आलीच नाही. आली असती तर मीच आणली असती.' चौतीस वर्षं त्याच भागात टपाल वाटलेल्या माणसाचं वाक्य. एकही पत्र बुडवलं नाही, असं काका चारचौघांत छाती काढून सांगायचे. आणि त्यात तसूभरही खोटं नाही, असं त्यांना आजच्या सकाळपर्यंत वाटत होतं.

आता सगळं लख्ख आठवलं. एकोणीस वर्षांपूर्वीचं रणरणतं ऊन, पिशवीत उरलेलं शेवटचं पाकीट, ते नेमकं आपल्याच घरचं. वडील तापाने फणफणलेले, त्यातून अंगठेबहाद्दर. अंगठा म्हटला की शाई आली, साक्षीदार आला. घरच्या घरी कशाला ती उठाठेव? त्यांनी उभ्या उभ्या वडिलांचं नाव लिहिलं आणि पाकीट गादीखाली सरकवलं. उघडलं नाही. दुसऱ्याच्या नावचं पाकीट त्यांनी जन्मात उघडलं नव्हतं, मग ते बापाच्या नावचं का असेना. चौथ्या दिवशी वडील गेले. गादी कचऱ्याच्या गाडीत गेली.

मागच्या बाकावर त्यांची मुलगी बसली होती. नवरा गेल्यावर दोन लेकरं घेऊन माहेरी आलेली. दीड खोलीत काका-काकू धरून पाच माणसं. वरच्या मजल्याचा नकाशा कधीचा तयार होता, पण गच्चीवर हात उंच केला तर तार हाताला लागेल, तिथे बांधायची परवानगी देणार कोण? एकदा वाळत घातलेली ओली चादर उडून तारेला चिकटली, त्या दिवसापासून गच्चीला कुलूप होतं. तारा हलल्या तरच मजला. मुलगी सकाळी म्हणाली होती, "बाबा, आज निकाल लागला तर कुलूप मी उघडणार."

त्यांचा वकील कानाशी वाकला. "काका, वडील सही करायचे?"

"नाही. अंगठा लावायचे."

वकिलाचा चेहरा उजळला. "मग केस खिशात. तेवढंच सांगा."

सांगायचं ते खरंच होतं. एक अक्षर खोटं बोलायची गरज नव्हती.

न्यायाधीश बाईंनी विचारलं, "ही सही तुमच्या वडिलांची आहे?"

"नाही, मॅडम. त्यांना सही येत नव्हती."

कंपनीच्या वकिलाचं हसू मावळलं. मुलीने ओढणी तोंडाशी धरली. काकांच्या वकिलाने लगेच पुस्ती जोडली, "त्या दिवशी यांची रजा असणार, मॅडम. कुणी बदलीचा पोस्टमन आला असेल, त्याने घरापर्यंत न जाताच सही ठोकून दिली. नोटीस पोचलीच नाही."

काकांना बदलीवर येणारे दोघे आठवले. एक बिचारा केव्हाच वारला होता. दुसरा अजून रस्त्यात भेटला की सायकलवरून उतरून बोलायचा.

बाईंनी कार्ड उलटसुलट केलं. "मग त्या पोस्टमनची साक्ष घ्यावी लागेल. कोण होता, कुठे राहतो, माहिती काढा. पुढच्या तारखेला बोलवा त्याला."

"काढतो, मॅडम," वकील म्हणाला आणि खाली बसता बसता त्याने काकांचा सदरा ओढला. आता बसा.

काका बसले नाहीत. मुलीकडे बघायचं त्यांनी टाळलं.

"पुढची तारीख कशाला, मॅडम," ते म्हणाले. "तो आलाय."