आईची जागा

लुईझियानाच्या आमच्या खाडीकाठी सर्वसंतांच्या दिवशी घरोघरची माणसं आपापल्या माणसांची बांधीव थडगी घासूनपुसून पांढरी रंगवतात. दर वर्षी आईचं थडगं रंगवताना माझं आणि बाबांचं वाजायचंच.

"बाबा, समुद्र आत येतोय. आईला वरच्या गावात हलवू या."

"येतोय म्हणे! हवामानबदलाचं तुझ्या पक्षाचं पुराण मला नको सांगूस. तुझी आई इथून हलणार नाही. ब्रश नीट धर."

बाबांच्या पक्षाच्या टोप्या घातलेले शेजारी खदाखदा हसायचे. बाबा त्यांच्याकडे बघून डोळा मारायचे.

या उन्हाळ्यात बाबा गेले. त्यांना आईशेजारी ठेवायचं म्हणून थडगं उघडलं, तर आत काहीच नव्हतं.

दफनभूमीचा म्हातारा राखणदार एल्झिअर टोपी काढून म्हणाला, "पोरी, काही वर्षांपूर्वीच्या त्या मोठ्या वादळानंतर लगेच तुझा बाप तिला वरच्या गावात घेऊन गेला. मला म्हणाला, 'कुणाला बोललास तर बघ. मला रोज पक्षाच्या याच माणसांत उठायचं-बसायचंय.'"



त्यानंतरही दर वर्षी, माझ्याशी भांडत भांडत, बाबा ते रिकामं थडगं रंगवत होते.